पिठाचा कोंबडा आणि पडद्यावरील पृथ्वी

गेल्या पर्युषणातील गोष्ट. सायंकाळचे प्रतिक्रमण आटोपून आम्ही वडीलधारी मंडळी दिवाणखान्यात येऊन बसलो होतो. इतक्यात आतल्या खोलीतून माझ्या तेरा वर्षांच्या नातवाचा आनंदाचा चीत्कार ऐकू आला, "गेली! अख्खी पृथ्वी गेली!"

त्याची आई लगबगीने आत गेली. पाठोपाठ मीही गेलो. संगणकाच्या पडद्यावर एक तांबडालाल गोळा धुमसत होता आणि त्याच्याभोवती ठिकऱ्यांचा थवा फिरत होता. नातवाने चंद्राची फिरण्याची गती शून्य केली होती, तेव्हा तो बिचारा सरळ पृथ्वीवर येऊन आदळला होता.

"आत्ताच सगळ्या जीवांची क्षमा मागून उठलास ना? मग हे काय चालवले आहेस?" सूनबाईंनी विचारले.

"अगं मम्मी, त्यात कोणीच राहत नाही. नुसती गणितं आहेत ती," चिरंजीवांचे उत्तर.

दोन्ही पक्ष माझ्याकडे आले. आजोबांनी निवाडा करावा, असे ठरले. सूनबाईंचे म्हणणे असे की, नाश पाहून आनंदणे हीच हिंसा; मग तो नाश पडद्यावर का असेना. नातवाचे म्हणणे असे की, जिथे जीव नाही तिथे हिंसा नाही. दोघांच्याही म्हणण्यात आपल्या शास्त्राचा आधार होता, आणि म्हणूनच घाईने बोलणे मला योग्य वाटले नाही. बँकेत असताना कर्जाचा प्रस्ताव नीट वाचल्याशिवाय त्यावर सही करायची नाही, ही सवय लागलेली. मी निकाल राखून ठेवला आणि पर्युषण संपल्यावर नातवाच्या शेजारी खुर्ची टाकून तो खेळ शिकावयास बसलो. पुढील दीड-दोन महिन्यांत जे पाहिले व जे सुचले, ते वाचकांपुढे ठेवीत आहे. असा प्रश्न आज अनेक घरांत उभा असेल, असे मला वाटते.

खेळ कोणता, कसला?

या खेळाचे नाव 'युनिव्हर्स सँडबॉक्स'. सँडबॉक्स म्हणजे लहान मुलांनी किल्ले करावेत, मोडावेत असा वाळूचा हौद. येथे वाळूच्या जागी सूर्य, ग्रह, चंद्र, धूमकेतू आणि आकाशगंगा आहेत. हार-जीत नाही, गुण नाहीत, शत्रू नाही, बंदूक नाही. एकदा किंमत मोजून विकत घ्यावा लागतो. डॅन डिक्सन या अमेरिकी गृहस्थांनी त्याची पहिली आवृत्ती २००८ मध्ये प्रसिद्ध केली. पुढे अमेरिकेतील सिएटल शहरातील त्यांच्या 'जायंट आर्मी' या लहानशा कंपनीने तो पायापासून पुन्हा बांधला, आणि ही दुसरी आवृत्ती ऑगस्ट २०१५ पासून लोकांच्या हाती आली. तेव्हापासून तिच्यात सातत्याने नवी भर पडत आहे.

खेळाचा कणा म्हणजे न्यूटनचा गुरुत्वाकर्षणाचा नियम. विश्वातील प्रत्येक वस्तू दुसऱ्या प्रत्येक वस्तूला ओढते. वस्तुमान जास्त तर ओढ जास्त, अंतर दुप्पट तर ओढ चौथाई. पडद्यावर दोन वस्तू असोत वा दोनशे, खेळ त्या सर्वांची परस्परांवरील ओढ मोजतो, त्यानुसार प्रत्येकीला किंचित पुढे सरकवतो, आणि पुन्हा मोजतो. कक्षेचे चित्र आधीपासून काढून ठेवलेले नसते. पृथ्वी सूर्याभोवती फिरते ती या अखंड हिशेबामुळे. सूर्य पुसून टाकला तर ती सेकंदाला सुमारे ३० किलोमीटर या आपल्या वेगाने सरळ रेषेत निघून जाते. चंद्राची गती शून्य केली तर त्याला खाली येण्यास सुमारे पाच दिवस लागतात. हे पाच दिवस मी कागदावर गणित करूनही ताडून पाहिले, उत्तर जुळले.

नवीन काय आले?

पहिल्या आवृत्तीतील ग्रह हे बहुतांशी फिरणारे, एकमेकांवर आपटणारे गोळे होते. नव्या बांधणीत त्यांना द्रव्य मिळाले. लोह, सिलिकेट, पाणी आणि हायड्रोजन यांच्या प्रमाणांतून ग्रह घडवता येतो. ताऱ्याचे वस्तुमान वाढवले की त्याचा आकार, तेज व तापमान कसे बदलते ते दिसते; अतिजड ताऱ्याचा शेवटचा स्फोटही पाहता येतो. पृथ्वीला हवामान मिळाले. तिचा आस सुमारे २३.४ अंशांनी कललेला आहे, म्हणून ऋतू होतात. तो कल वाढवला की ध्रुवांवरील बर्फाचे वाढणे-वितळणे कसे बदलते, ते आपण बसल्या जागी पाहू शकतो.

सर्वांत महत्त्वाची भर २०२० मध्ये पडली, ती ग्रहाच्या पृष्ठभागावरील जाळीची. आपण बँकेच्या एखाद्या विभागाचा ताळेबंद पाहतो तेव्हा एकच एकूण आकडा दिसतो. शाखानिहाय पत्रक उघडले की कोठे नफा, कोठे तोटा ते कळते. तसेच हे आहे. ग्रहाचा पृष्ठभाग असंख्य लहान तुकड्यांत विभागला, आणि प्रत्येक तुकड्याची उंची, तापमान, पाणी यांचा वेगळा हिशेब ठेवला जाऊ लागला. त्यामुळे उल्का पडते तेव्हा तिचा खड्डा ज्या ठिकाणी पडतो तेथेच खडक वितळतो. उष्णता तेथून भोवती पसरते आणि हळूहळू निवते. पृथ्वीची एकच बाजू कायम सूर्याकडे राहील असे केले, तर ती बाजू भाजून निघते आणि पलीकडच्या अंधाऱ्या बाजूवर बर्फ साचत जाते. त्याच वेळी लेसर किरणाचे एक साधनही आले. त्याने ग्रहावर बोट ठेवावे तेथे तापवता येते. मुलांना ते फार आवडते, हे सांगावयास नकोच.

या जाळीचा एक परिणाम माझ्या लक्षात आला. पूर्वी नष्ट होत असे तो एक गोळा. आता नष्ट होते ती जमीन, पाणी, हवा, हिरवाई. पाठशाळेत आपली मुले पृथ्वीकाय, अप्काय, तेउकाय, वायुकाय, वनस्पतिकाय अशी नावे पाठ करतात. खेळ तयार करणाऱ्यांच्या मनात ती नक्कीच नव्हती, आणि ओढूनताणून साम्य दाखवण्याचा माझाही हेतू नाही. तथापि रात्रीच्या बाजूला चमकणारे शहरांचे दिवे, आणि काही क्षणांनी त्याच जागी वितळलेला खडक, हे दृश्य पाहताना 'नुसती गणितं' हा शब्द माझ्या तोंडून निघाला नसता.

हिशेबाची वही

खेळाच्या अंतरंगात शिरलो तेव्हा मात्र मला त्याचे कौतुक वाटू लागले. चंद्र आदळल्यावर पृथ्वीची जी शकले उडतात, ती प्रत्येक आपले वस्तुमान व आपला वेग घेऊन निघते. काही परत पडतात, काही कक्षेत फिरत राहतात, काही कायमची दूर जातात. मूळ रक्कम अनेक खात्यांत विभागली जाते, इतकेच. आपला चंद्रही असाच जन्मला असावा, असे बहुतेक शास्त्रज्ञ मानतात. सुमारे साडेचार अब्ज वर्षांपूर्वी मंगळाएवढा एक गोळा कोवळ्या पृथ्वीवर आदळला आणि उडालेल्या द्रव्यातून चंद्र घडला.

जुळत नसलेल्या हिशेबातून शोध कसा लागतो, याचेही एक उदाहरण नातवाला सांगितले. १८४० च्या दशकात युरेनस हा ग्रह गणितापेक्षा किंचित वेगळ्या वाटेने जात असल्याचे खगोलशास्त्रज्ञांना छळत होते. फ्रान्सच्या ल व्हेरिए यांनी हा फरक कोणा अज्ञात ग्रहाच्या ओढीचा असावा असे धरून त्या ग्रहाची जागा कागदावर काढली. १८४६ मध्ये बर्लिनच्या वेधशाळेत गाल्ले यांनी दुर्बीण तिकडे वळवली आणि नेपच्यून सापडला. दिवसअखेरीस चार आण्यांचा फरक लागला म्हणून रात्री दहापर्यंत वह्या चाळणाऱ्या माझ्या पिढीच्या कारकुनांना या शोधाचे मर्म चटकन कळेल. आम्ही युरेनसच्या पलीकडे एक जड ग्रह ठेवून पाहिला. युरेनसची वाट खरोखर ढळली.

खेळाच्या मर्यादाही सांगितल्या पाहिजेत. संगणक काळाचे तुकडे करून मोजतो. आपल्या शास्त्रांत काळाच्या अविभाज्य अंशाला 'समय' म्हटले आहे. संगणकाचा तुकडा त्या मानाने फारच ठोकळ. काळ फार वेगाने पळवला की हे तुकडे मोठे होतात, हिशेब चुकू लागतो आणि बिनधोक फिरणारे चंद्र कक्षेतून उडून जातात. नातवाने एकदा "गुरूचे चंद्र पळाले" म्हणून मला बोलावले. पळाले नव्हते, घाईत बेरीज चुकली होती.

शिवाय मूळ आकड्यातील बारीकशी चूकही पुढे चक्रवाढ व्याजासारखी वाढते. फ्रेंच शास्त्रज्ञ जाक लास्कर यांनी दाखवून दिले आहे की, आज पृथ्वीचे स्थान मोजण्यात १५ मीटरची चूक झाली, तर १ कोटी वर्षांनंतर ती सुमारे १५० मीटर होते. पण १० कोटी वर्षांनंतर तीच १५ कोटी किलोमीटर होते, म्हणजे पृथ्वी आपल्या कक्षेत कोठे असेल ते सांगताच येत नाही. खेळ पुढील काही वर्षांचे चित्र बरे दाखवील. कोट्यवधी वर्षांचे भविष्य त्याला विचारू नये.

आणि एक गोष्ट खेळात आहे, ती सृष्टीत नाही: नको ती वस्तू पुसून टाकण्याची कळ. आमच्या वह्यांत खाडाखोड चालत नसे. चुकीची नोंद झाली तर ती तशीच ठेवून उलट नोंद करावी लागे, म्हणजे चूकही दिसे आणि दुरुस्तीही. नातवाला मी म्हटले, "सूर्य पुसण्याची कळ दाबण्याआधी इतके लक्षात ठेव की, ही सोय फक्त येथेच आहे."

पिठाचा कोंबडा

आता मूळ वादाकडे वळू. "त्यात कोणी राहत नाही" हे नातवाचे उत्तर ऐकताच मला यशोधर राजाची कथा आठवली. सोमदेवसूरींनी इ. स. ९५९ मध्ये पूर्ण केलेल्या 'यशस्तिलक चंपू'मुळे ती विशेष प्रसिद्ध आहे. वाचकांपैकी अनेकांनी ती व्याख्यानांतून ऐकली असेल. उज्जयिनीच्या यशोधराला त्याची आई चंद्रमती देवीपुढे पशुबळी देण्याचा आग्रह करते. राजा जीवहत्येस नकार देतो. शेवटी आईच्या शब्दाखातर तडजोड होते: जिवंत कोंबड्याऐवजी पिठाचा कोंबडा करून त्याचा बळी द्यावा. त्यात जीव नव्हता, रक्त नव्हते. तरीही त्या कृत्यामागच्या भावाचे फळ म्हणून माता-पुत्रांना जन्मोजन्मी पशुयोनीत हिंडावे लागले.

सूनबाईंनी ही कथा ऐकून समाधानाने मान डोलावली. खटला त्यांच्या बाजूने लागला, असे त्यांना वाटले. पण नातू गप्प बसणारा नव्हता. तो म्हणाला, "आजोबा, राजाने पिठाचा कोंबडा मारला तो खऱ्या कोंबड्याच्या जागी. देवी प्रसन्न व्हावी म्हणून. मी कुठे खरी पृथ्वी फोडायची म्हणून ही फोडतो? मला बघायचं असतं, काय होतं ते."

हा मुद्दा टाकाऊ नव्हता. उमास्वातींनी हिंसेची व्याख्या करताना प्राणांच्या घाताबरोबर प्रमाद जोडला आहे. बेसावध, कषाययुक्त मन हे हिंसेचे मूळ मानले आहे. मग चंद्र आदळताना पाहणाऱ्याचे मन कसे असते, हे पाहावयास हवे. दुसऱ्याच्या मनात डोकावता येत नाही, स्वतःच्या येते. म्हणून एका दुपारी घरात कोणी नसताना मी एकट्याने तो प्रयोग केला.

पहिल्यांदा चंद्र आदळला तेव्हा मी खरोखर स्तब्ध झालो. केवढी ती शक्ती, किती क्षणभंगुर आपण, असे विचार मनात आले. अनित्य भावनेची जणू उजळणी झाली. दुसऱ्यांदा मी कोन बदलला, तिसऱ्यांदा वेग. आठव्या-नवव्या खेपेस माझ्या ध्यानात आले की मनात आता विस्मय उरलेला नाही. शकले पुरेशी दूर उडाली नाहीत म्हणून मला चक्क चुकल्याचुकल्यासारखे वाटले, आणि हात गुरू ग्रहाकडे वळला, कारण तो मोठा होता. घड्याळाकडे पाहिले, सव्वा तास गेला होता. सामायिकाला बसताना अठ्ठेचाळीस मिनिटे लांब वाटतात, आणि येथे सव्वा तास कसा सरला ते कळले नव्हते. मी संगणक बंद केला. त्या दिवशी घरी कोणाला काही सांगितले नाही. आज येथे प्रथमच लिहीत आहे.

अर्थ आणि अनर्थ

श्रावकाच्या बारा व्रतांपैकी एक अनर्थदंड-विरमण व्रत. गृहस्थाला संसारासाठी, व्यापारासाठी काही आरंभ करावाच लागतो, हे आपल्या आचार्यांनी ओळखले होते. म्हणून त्यांनी प्रयोजनाने होणारा दंड आणि निष्प्रयोजन दंड यांत भेद केला, आणि निष्प्रयोजन ते तरी टाळा, असे सांगितले. त्याच्या प्रकारांत अपध्यान आहे, म्हणजे कोणाचे वाईट व्हावे असे चिंतन. आणि प्रमादचर्याही आहे, म्हणजे उगाच केलेली मोडतोड. मला वाटते, आमच्या घरच्या वादाची किल्ली या व्रतात आहे. पहिली टक्कर पाहताना माझ्या मनात प्रश्न होता, तेव्हा तिला अर्थ होता. नवव्या टकरीला कोणताच प्रश्न उरला नव्हता.

हा भेद समजावयास एक खरी टक्कर उपयोगी पडली. २६ सप्टेंबर २०२२ रोजी अमेरिकेच्या नासा या संस्थेने 'डार्ट' नावाचे यान डायमॉर्फोस या लघुग्रहावर मुद्दाम आदळवले. हा लघुग्रह सुमारे १६० मीटर रुंदीचा असून डिडिमोस या मोठ्या लघुग्रहाभोवती फिरतो. दोहोंपासूनही पृथ्वीला धोका नव्हता. यानाचा वेग सेकंदाला ६ किलोमीटरहून अधिक होता. टकरीपूर्वी डायमॉर्फोसच्या एका फेरीला ११ तास ५५ मिनिटे लागत. टकरीनंतर हा अवधी सुमारे ३२ मिनिटांनी कमी झाला. पुढेमागे एखादा खडक पृथ्वीवर येताना दिसलाच, तर त्याला बाजूला सारता येईल काय, याचा तो प्रयोग होता. आदळणे तेच, धूळ तीच, स्फोटही तसाच. पण हेतू रक्षणाचा.

नातवाने लगेच खेळात तशी मांडणी केली. एक लघुग्रह पृथ्वीच्या वाटेवर आणला आणि त्याला वळवण्याचे काम मला दिले. मी शेवटच्या दिवशी जोराचा धक्का दिला; उपयोग झाला नाही. मग आम्ही कागद घेतला. सेकंदाला फक्त २ सेंटीमीटर इतका फरक वेगात केला, तर दहा वर्षांत किती अंतर पडेल? दहा वर्षांचे सेकंद सुमारे ३१ कोटी ५० लाख. साधा गुणाकार केला तरी सुमारे ६,३०० किलोमीटर होतात. पृथ्वीची त्रिज्या जवळपास तितकीच आहे. प्रत्यक्षात कक्षेच्या वळणांमुळे हिशेब इतका सरळ नसतो, पण तत्त्व हेच. मुंगीच्या चालीएवढा फरक, मात्र दहा वर्षे आधी. आवर्ती ठेवीचे महत्त्व ग्राहकांना पटवण्यात माझा जन्म गेला. इतके चांगले उदाहरण तेव्हा हाताशी नव्हते.

मोडणे आणि राखणे

याहून कठीण काम पुढे होते. मी नातवाला म्हटले, "मंगळावर माणसाला राहता येईल असे करून दाखव." त्याला वाटले, अर्ध्या तासाचे काम. मंगळावरील हवेचा दाब पृथ्वीवरील दाबाच्या एक टक्क्याहूनही कमी आहे आणि सरासरी तापमान शून्याखाली सुमारे ६० अंश. त्याने पाणी ओतले, ते गोठले. हवा वाढवली, थोडी ऊब आली, पण ध्रुवांकडे बर्फच राहिले. मग भरमसाठ हवा दिली, तेव्हा सारे तापून पाणी उडू लागले. मंगळ सूर्याजवळ सरकवला, तर त्याच्या ओढीने शेजारच्या ग्रहाची वाट बदलते की काय, हे पाहत बसावे लागले. तीन संध्याकाळी आम्ही दोघे त्यात गुंतलो होतो. शेवटी मध्यपट्ट्यात थोडे पाणी द्रवरूपात टिकले. ते टिकलेले पाहताना त्याच्या चेहऱ्यावर जो आनंद होता, तो मी पर्युषणातील त्या रात्रीच्या चीत्काराशी मनातल्या मनात ताडून पाहिला. या वेळी तो ओरडला नाही. खुर्चीत मागे रेलून बराच वेळ पाहत राहिला.

मग तो म्हणाला, "आजोबा, आपली पृथ्वी हे सगळं आपोआप करते?"

मी त्याला शुक्राचे उदाहरण दिले. शुक्र आकाराने व वस्तुमानाने पृथ्वीच्या जवळपास, शेजारीही. पण दाट कार्बन डायऑक्साइडच्या वेढ्यामुळे त्याचे तापमान ४६० अंशांच्या आसपास. पृथ्वीवर हवेची ही उबदार दुलई मुळीच नसती, तर येथील सरासरी तापमान शून्याखाली १८ अंशांच्या घरात गेले असते. ती प्रमाणात आहे म्हणून १५ अंश आहे. ते प्रमाण आपण मनुष्यांनी बदलावयास घेतले आहे, हेही त्याला सांगितले. खेळात हवेचे प्रमाण दर्शवणारी पट्टी त्याने स्वतः सरकवली होती, त्यामुळे मला फार बोलावे लागले नाही.

घरात काय ठरले?

अखेरीस निवाडा द्यावाच लागला. खेळ बंद करावा, असे मी म्हटले नाही, आणि त्यात काहीच गैर नाही, असेही म्हटले नाही. तीन नियम ठरले. पहिला, कोणतीही टक्कर घडवण्यापूर्वी वहीत प्रश्न लिहावयाचा आणि आपला अंदाजही. टक्कर झाल्यावर उत्तर लिहावयाचे. प्रश्न नसेल तर टक्कर नाही. दुसरा, एक मोडले तर एक राखण्याचा प्रयोग करावयाचा. तिसरा, अठ्ठेचाळीस मिनिटांनंतर उठावयाचे. हा आकडा नातवानेच सुचवला, आणि तो कोठून आला हे सांगण्याची गरज नाही.

वहीची आता चाळीसेक पाने भरली आहेत. अक्षर वाईट आहे, शुद्धलेखन त्याहून वाईट. पण "माझा अंदाज चुकला, कारण" असे सुरू होणारी वाक्ये जागोजाग आहेत. ती वाचताना मला समाधान वाटते. आपल्या व्यापारी घरांत मुलाला गादीवर बसवण्यापूर्वी रोजमेळ लिहावयास शिकवीत, तो याचसाठी.

खरे सांगावयाचे तर सूनबाईंचे पूर्ण समाधान झालेले नाही. त्यांचे म्हणणे असे की, वहीत प्रश्न लिहिला म्हणून मनातील चव बदलते असे नाही. प्रश्न लिहिणे हेही एक निमित्त होऊ शकते, जसे राजाला पीठ निमित्त झाले. मला याचे खंडन करता आलेले नाही. म्हणून एक चौथा नियम त्यांच्या शब्दाने ठरला: पर्युषणाचे आठ दिवस संगणक झाकून ठेवायचा. नातवाने तो मान्य केला. मान्य करताना त्याने एक प्रश्न विचारला, तो मी त्याच्या वहीतील त्याच्याच शब्दांत येथे उतरवून ठेवतो. वाचकांपैकी कोणा जाणत्याने त्याचे उत्तर कळवावे:

"संवत्सरीला मिच्छामि दुक्कडं म्हणताना, त्या फोडलेल्या पृथ्व्या मोजायच्या की फक्त फोडताना मला किती वेळा मजा आली ते मोजायचं?"